हट्ट्याचा पाव्हणा

जवळा बाजारला इंटरनेट आलं ते एका अशा खोलीत, जिथं चपला घालून जायला बंदी होती. कॉम्प्युटरचे सर दारातच खुर्ची टाकून बसायचे आणि कुणाचा पाय वहाणेसकट उंबऱ्यावर दिसला की असे ओरडायचे, की समोरच्या रसवंतीचं चाक आपोआप थांबायचं. आत चार कॉम्प्युटर होते. त्यांना मखमली झबली होती, आमच्या आईनंच शिवलेली. आणि त्यांच्यासाठी कूलर होता. गावात बाळंतिणीला पुठ्ठ्यानं वारा घालत होते, पण या चार डब्यांना कूलर. सर म्हणायचे, मशीनला ऊन लागतं.

दोन हजार सालानंतरची ती पहिली काही वर्षं. इंटरनेट फोनच्या तारेतून यायचं आणि येताना असं किंचाळायचं, की बोकडानं शिट्टी गिळली असावी. त्या आवाजानं शेजारची म्हैस पान्हा चोरते, अशी तक्रार म्हशीच्या मालकानं ग्रामपंचायतीपर्यंत नेली होती. सरांच्या आईनं घरात रिसीव्हर उचलला की इकडं सगळं जग तुटायचं. मग सर आत जायचे, आईचे हातपाय धरायचे, आणि जग पुन्हा जोडलं जायचं.

पोरं तिथं मोटारीचे आणि गोळीबाराचे गेम खेळायची. त्यांच्या आयांना एकच काळजी, पोराचे डोळे जातील. एकीनं तर पोराला रोज गाजर चारून चारून त्याचा रंग बदलवला. पण त्या खोलीच्या शेवटच्या कोपऱ्यात माझी धाकटी बहीण टकटक करत काय बोलून राहिली आहे आणि कुणाशी, याची काळजी कुणालाच नव्हती. ती नववीत होती, मी अकरावीत. ती अक्षरं इतक्या जोरात बडवायची, की सर म्हणायचे, हिच्या हाताखाली कीबोर्ड पावसाळा काढणार नाही.

आता एक गोष्ट आधी सांगितली पाहिजे, नाहीतर पुढचं कळायचं नाही. आमच्या भागात नुसतं स्वतःचं नाव सांगून कुणाची सुटका होत नाही. एसटीत शेजारी बसलेली बाई तिकीट काढायच्या आत विचारते, कोन्या गावची, कोनाची, मामा कुठले, घर कोन्या आळीत. ती नातं काढल्याशिवाय उतरत नाही, तिचं गाव मागं गेलं तरी. औंढा ते वसमत एवढ्या अंतरात मी दोनदा आत्या झालेय, एकदा नणंद, आणि एका म्हातारीनं तर मला सून म्हणून खाली उतरवून घ्यायची तयारी केली होती. विचारल्यावर जे लेकरू सगळं घडाघडा सांगतं ते वळणाचं. जे गप्प राहतं त्याच्या आईबापाचा उद्धार होतो. धाकटीला आईनं तसंच शिकवलं होतं आणि ती त्यात पहिली यायची.

चॅटमध्ये त्या समोरच्यानं विचारलं, वय किती, कुठली. शहरातल्या पोरीनं एका शब्दात भागवलं असतं. आमच्या धाकटीनं पडदाभर लिहिलं. इंग्रजी अक्षरांत मराठी. जवळा बाजारची, विहाराच्या मागं, पिठाच्या गिरणीच्या बाजूला घर. बाबा कापसाच्या जिनिंगवर वजनकाट्याला असतात, सीझनमध्ये अंधार पडेपर्यंत येत नाहीत. आई घरीच ब्लाऊज शिवते. आईचं माहेर हट्टा. मामा एकच. आणि शाळा सुटली की मी पाणंदीनं एकटीच येते. एवढं झाल्यावर तिनं वळण म्हणून त्याला विचारलं, आणि तुमी कोनाचे?

त्यानं सांगितलं, सतरा वर्षांचा, पुण्याला कॉलेजात, बहीण नाही, फार एकटं वाटतं. धाकटीला त्याची कीव आली. तिला मांजराचीही कीव यायची.

मला हे कळलं ते हापशावर. धाकटी हंडा भरून वाहत होता तरी हापसतच होती. मी म्हटलं, "गाव बुडवती का?" तेव्हा ती थांबली, आणि तिचा चेहरा बघून मी हंडा बाजूला घेतला.

"ताई, त्यो येऊन राहिला."

"कोन?"

"पुण्याचा. बाजाराच्या दिवशी. मी म्हनलं येऊ नको. तर म्हनतो, तू स्टँडवर भेटायला नाही आली तर तुझा फोटो शाळेच्या भिंतीवर लावतो. खाली माझं नाव लिहून."

"फोटो कुठून आला त्याच्याकडं?"

तिनं सांगितलं. शिष्यवृत्तीचा पासपोर्ट फोटो सरांनी स्कॅन करायला शिकवताना वापरला होता. तो त्यानं मागितला आणि हिनं पाठवला. दोन वेण्या, शाळेचा ड्रेस, कपाळावर पावडरचा पांढरा पट्टा. आमच्या कोंबडीनंही ज्याच्यावरून भांडण काढलं नसतं असा फोटो. पण खाली एका पुरुषाचं नाव लिहिलं की तोच फोटो आमच्या गल्लीत बाँबसारखा फुटला असता, हे आम्हा दोघींना बरोबर माहीत होतं. पलीकडच्या आळीतल्या एका पोरीनं स्टँडवर एका पोराला वेळ सांगितली होती. घड्याळातली वेळ, बाकी काही नाही. तिची शाळा त्याच आठवड्यात सुटली आणि दिवाळीच्या आत ती पुसेगावला सासरी भाकरी थापत होती. वर्गात तिचा गणितात दुसरा नंबर असायचा. पहिला धाकटीचा.

"घरी कळलं तर माझी शाळा गेली, ताई," ती म्हणाली. ती रडत नव्हती. रडली असती तर मला बरं वाटलं असतं.

मी मोठ्या तोऱ्यात म्हटलं, चप्पल अशी हाणीन की पुण्याला जाऊनच पडेल. मग तडक सरांकडं गेले. सर ऐकता ऐकता कूलरसमोर बसून घामानं निथळले. म्हणाले, "खातं बंद करून टाकतो. पण माझ्या क्लासचं नाव येऊ देऊ नका." खातं बंद झालं. पण फोटो त्याच्याकडं होता, पत्ता त्याच्याकडं होता, आणि आता त्याला 'येऊ नको' म्हणायचीही सोय उरली नव्हती.

बाजाराच्या दिवशी मी धाकटीला ताकीद दिली, शाळेच्या फाटकाबाहेर पाऊल टाकायचं नाही. मी एकटी स्टँडवर गेले. मिरच्यांच्या ढिगाआड बसले. तिथं बसलेलं माणूस दर मिनिटाला शिंकतं, म्हणून कुणी निरखून बघत नाही. लाल शर्ट घालून येतो म्हणाला होता. मी सतरा वर्षांचं पोरगं शोधत होते, मिसरूड फुटलेलं, पाठीवर पिशवी. दोन काळीपिवळ्या जिपा रिकाम्या झाल्या, असं कुणी उतरलं नाही. माझा जीव जरा भांड्यात पडतोय तोच तिसरीतून लाल शर्ट उतरला.

त्या शर्टाच्या आत जो होता तो माझ्या बाबांहून फार तर चार-पाच वर्षांनी लहान असेल. पोट बटणांच्या बाहेर बघत होतं. कानावरचे केस मेंदीनं लाल. आणि पांढरे बूट, इतके पांढरे, की जवळ्याच्या मातीनं असे बूट त्याआधी पाहिले नसतील. तो रस्त्याच्या कडेला उभा राहिला आणि शाळेच्या ड्रेसातली प्रत्येक पोरगी नीट बघू लागला. एकेक. बाजारात वांगी बघतात तसा.

माझ्या हातात चप्पल होती. कधी काढली आठवत नाही. पण मी उठले नाही. मी चारशे माणसांत ओरडले असते, तर लोकांनी त्याला तुडवला असता, त्यात शंका नाही. पण त्यानंतरचा पहिला प्रश्न असता, तू त्याला कशी ओळखती? आणि दुसऱ्या प्रश्नाला धाकटीची शाळा संपली असती. म्हणून मी गप्प बसले आणि शिंकत राहिले.

धाकटी आली नाही हे त्याला कळलं. मला वाटलं, आता जाईल. तो सरळ मिरच्यांच्या बाजूच्या चहाच्या हॉटेलात गेला.

"विहाराच्या मागं, गिरणीच्या बाजूला, जिनिंगवर काट्याला असतात, त्यांचं घर कोणतं हो?"

हॉटेलवाल्यानं गाळणी बाजूला ठेवली. "काटेवाल्याचं व्हय? पाव्हणे, कुठले तुमी?"

"हट्ट्याचे. त्यांच्या बायकोच्या माहेरचे."

"मंग परक्यावानी उभे काहून? बसा की. माहेरचं मानूस म्हनजे आमचाबी पाव्हणा झाला. घ्या चहा."

घर, गिरणी, जिनिंग, हट्टा. धाकटीनं दिलेली एकेक खूण तो नाण्यासारखी पुढं टाकत होता आणि अख्खा बाजार त्याला रस्ता काढून देत होता. पैसे घ्यायला तर हॉटेलवाल्यानं साफ नकार दिला. वर कासारीण काकूला हाक मारली. ही काकू बांगड्या भरायला घरोघर फिरायची. कुणाच्या घरात काय शिजतं ते तिला त्या घरातल्या चुलीआधी कळायचं.

"काकू, तिकडंच निघाल्या ना? काटेवाल्याच्या घरी ह्या पाव्हण्याला घेऊन जा."

"या की, या," काकू म्हणाली आणि तिनं त्याला बांगड्यांची एक पेटीसुद्धा उचलायला लावली. पाव्हणा पेटी घेऊन तिच्या मागं चालला.

मी पळाले. पाणंदीनं, उकिरड्यावरून, विहाराच्या भिंतीला वळसा घालून. त्या दिवशी माझ्याआधी माझी सावलीही घरी पोचली नसेल. आई मशीनवर होती. तोंडात दोरा.

"आई, कडी लाव."

"काहून?"

"पाव्हणा येऊन राहिला. हट्ट्याचा म्हनतो. आपला न्हाई."

आईनं दोरा तोडला. "मंग कोनाचा?"

मला सांगायला तोंड उघडायचा अवकाश, दारात बांगड्या वाजल्या. काकू आत आली, तिच्या मागं पांढरे बूट. त्यानं पेटी खाली ठेवली, हात जोडले आणि म्हणाला, "नमस्कार वहिनी."

आईची नजर तिथंच बदलली, मी बघितलं. तिच्या माहेरचा कुठलाही माणूस आमच्या उंबऱ्यावर पहिला शब्द जयभीम बोलतो. झोपेतून उठवला तरी.

"बसा," आई म्हणाली. "हट्ट्याचे का? कोनाचे?"

"स्टँडजवळच घर आहे आमचं."

"स्टँडजवळ अर्धं हट्टा हाय. कोनाचे?"

तो हसला. रुमालानं मान पुसली. "तुमच्या मुलीला विचारा ना. ती ओळखते चांगली." आणि त्यानं खिशातून कागद काढला. फोटो होता. शहरात मोठा करून छापलेला, कडा झिजलेल्या. तो त्यानं आईसमोर धरला, पण कासारीण काकूलाही दिसेल असा.

काकूची मान लांब झाली. बाहेर गिरणीचा पट्टा फटफटत होता. मला एवढंच दिसत होतं, की ती मान आता सरळ होणार, काकू पेट्या उचलून निघणार आणि संध्याकाळपर्यंत हा फोटो न बघताही सगळ्या गावाला पाठ असणार.

आईनं हात पुढं केला आणि फोटो त्याच्या बोटांतून काढून घेतला. असा सहज, जसं कुणी मापाला दिलेलं ब्लाऊज परत घेतं.

"सापडला का?" ती म्हणाली. "शिष्यवृत्तीला काढलेला. क्लासवाले म्हनत होते कुठं हारवला कळंना. काकू, बघा बरं, यवढ्या लांबून द्यायला आले. लई तकलीफ घेतली पाव्हण्यांनी."

"अहो, हारवला कसला, तिनं स्वतः मला..."

"चहा ठेवते," आई त्याच्या वरताण बोलली. "मोठे, तू जिनिंगवर जा. बाबाला म्हन, लेकीचा फोटो आनून देनारे आलेत, त्यांचा मान करायचाय. गठानीवरच्या हमालांनाबी संगं आना म्हन. समदे या म्हन."

आमच्या जिनिंगवरचे हमाल कापसाची गठाण अशी उचलायचे, जशी बाई कडेवर लेकरू घेते. त्यातला एक तर बैलगाडी रुतली की बैलाला बाजूला उभा करायचा. पाव्हण्याला हे ठाऊक असायचं कारण नाही, पण आईच्या आवाजात त्याला ते दिसलं असावं. तो उठायला लागला.

तेवढ्यात दारात धाकटी आली. शाळेत तिला धीर निघाला नव्हता. दप्तर पाठीला, दोन वेण्या, फोटोत होती तशीच. त्याला बघून ती उंबऱ्यावरच खिळली. आणि तो हसून म्हणाला, "आलीस?"

त्या एका शब्दात फार ओळख होती. आई मशीनमागून निघाली. तिच्या हातात कापड कापायची कात्री होती. ती तिनं उगारली नाही, काही नाही, कामाची असते तशी हातातच राहिली. ती चालत गेली आणि दोघांच्या मधोमध उभी राहिली, धाकटीकडं पाठ करून.

"पाव्हणे," ती म्हणाली, "बसा की. मान घेऊनच जा."

तो भिंतीला घासून बाहेर पडला. पाणंदीला लागला तेव्हा चालत होता, विहारापाशी पळत होता. मी जिनिंगच्या वाटेला लागेपर्यंत पांढरे बूट काळ्या मातीत काळे होऊन दिसेनासे झाले होते, म्हणून मी तशीच परत फिरले.

कासारीण काकू बसून होती. बराच वेळ तिनं पेटीचं झाकण उघडलं, लावलं, उघडलं. मग आईला म्हणाली, "फोटो द्यायला यवढ्या लांबून कोनी येतं व्हय, बाई?"

"येतं, काकू."

काकूनं धाकटीकडं बघितलं. "मलाबी नाती हाईत," ती म्हणाली आणि पेट्या उचलून गेली. तिनं पुढं कुणाला सांगितलं की नाही, आम्हाला कधी कळलं नाही. तिच्या तोंडात राहिलेली ती एकमेव बातमी असेल, तर ती तिला फार जड गेली असणार.

बाबा आले तेव्हा दिवस मावळला होता. अंगावर कापसाचा पांढरा थर. मला वाटलं होतं आई झाकेल. आईनं त्यांना पाणी दिलं आणि सगळं सांगितलं, एक गोष्ट न गाळता. आम्ही दोघी आतल्या खोलीत पडद्याला नाक लावून उभ्या. धाकटीनं माझा हात असा धरला होता, की बोटांतलं रक्त परत यायला दुसरा दिवस लागला.

बाबांनी पाणी न पिताच तांब्या खाली ठेवला. मग म्हणाले, "उद्यापासून शाळा बंद."

"बरं," आई म्हणाली. "मंग लोक इचारतीन, काहून बंद केली. काय सांगशीला? आज मी ज्ये झाकलं त्ये तुमी उद्या उघडं पाडता. त्यो पळाला आन सजा हिला?"

"त्याला घर म्हाईत झालंय," बाबा म्हणाले. त्यांचा आवाज रागाचा नव्हता, हे मला तेव्हाच पहिल्यांदा कळलं. "मी तिकडं काट्यावर. तू मशीनवर. त्याला घर म्हाईत झालंय, अन वाट म्हाईत झालीय. मी काय करू?"

मग बाबांनी हाक मारली, धाकटीच्या नावानं. ती बाहेर गेली.

"काय काय सांगितलं त्याला? समदं सांग. काही इसरू नको."

ती खाली बघून सांगत गेली. घर. गिरणी. दार कोन्या बाजूला. पाणंद. शाळा सुटायची वेळ. बाबा कधी नसतात. आई एकटी कधी असते. गल्लीतला कुत्रा भुंकतो पण चावत नाही, तेही सांगितलेलं होतं. बाबा प्रत्येक गोष्टीला मान हलवत होते, काट्यावर पोतं मोजताना हलवतात तशी. ती थांबली.

"झालं?"

"व्हय."

"मंग यातलं ज्ये बदलता येतंय त्ये समदं बदलू," बाबा म्हणाले. "शाळा राहू दे."

दुसऱ्या दिवशी गवंडी आला. विहाराकडचं आमचं दार काढलं, भोक विटांनी बुजवलं आणि जिनिंगच्या बाजूला नवं दार पाडलं, जिथून मोठ्या आवाजात हाक मारली तर काट्यावर ऐकू जाते. लोकांनी विचारलं तर बाबा सांगायचे, वास्तूचा दोष निघाला. ज्या माणसानं आयुष्यात कधी पंचांग उघडलं नाही, जो विहारात पहिल्या रांगेत बसला, तो गावभर वास्तुदोष सांगत फिरला. लोकांना ते इतकं चमत्कारिक वाटलं की दुसरं काही विचारायचं राहूनच गेलं. आईनं तिचा कॉम्प्युटर क्लासही बंद केला नाही. शिवण घेऊन ती धाकटीच्या शेजारी स्टूल टाकून बसायची, आणि सर तिच्या चपलांनासुद्धा काही बोलायचे नाहीत.

पाणंदीचा रस्ता सुटला. धाकटी आता मोठ्या रस्त्यानं जायची, दुकानांपुढून, दुप्पट लांब. पहिल्या दिवशी बाबा काट्यावर न जाता तिच्यामागं थोडं अंतर ठेवून चालत गेले. तिला ते माहीत होतं. ती मागं वळून बघत नव्हती. काळीपिवळी थांबली की मात्र तिचा पाय अडखळायचा, आणि त्याच वेळी बाबांचाही. मी त्या दोघांच्याही मागं चालत होते. ती फाटकातून आत गेली तरी बाबा बाहेरच उभे राहिले. प्रार्थना झाली, घंटा झाली, वर्गांची दारं लागली, तरी.